पंथ, संप्रदाय आणि ‘कल्ट’ : फरक नेमका कशावरून ओळखायचा?

औदुंबर

माझा मामेभाऊ माझ्याहून सहा वर्षांनी लहान आहे. अभियांत्रिकीची पदवी घेऊन तो पुण्यात एका चांगल्या नोकरीत स्थिरावला होता. अडीच वर्षांपूर्वी पाठदुखीवर उपाय म्हणून तो एका ध्यानवर्गाला जाऊ लागला. सुरुवातीला आठवड्यातून एक दिवस, मग रोज पहाटे, मग शनिवार-रविवारची शिबिरे असे होत होत गेल्या दिवाळीपासून तो त्या गटाच्या निवासातच राहायला गेला आहे. पगारातला मोठा हिस्सा तिकडे जातो, हे मामींनी बँकेतून पासबुक भरून आणले तेव्हा घरात कळले. यंदा तो गणपतीलाही आला नाही. आमच्याकडे दीड दिवसाचा गणपती असतो आणि आरतीला झांज वाजवण्याचे काम तो पाच वर्षांचा असल्यापासून त्याच्याकडे होते. मामींनी सवयीने झांज घासूनपुसून निरांजनाशेजारी ठेवली होती. आरती संपली तरी ती कोणी उचलली नाही.

गटाचे नाव मी लिहीत नाही, कारण त्यांनी काही गैर केल्याचा पुरावा माझ्या हाती नाही. माझी अडचण वेगळी आहे. माझे आजोबा माळकरी होते. माळ घातली त्या दिवशी त्यांनी मांसाहार सोडला, एकादशी कधी चुकवली नाही, आणि दरवर्षी आषाढीला घरादाराची जबाबदारी आजीवर टाकून ते आळंदीहून पंढरपूरला पायी जात. पीक बेताचे आले त्या वर्षीही दिंडीची भिशी त्यांनी भरलीच. त्याला आम्ही सगळे भक्ती म्हणतो आणि अभिमानाने सांगतो. मग भावाच्या वागण्याची भीती का वाटावी? ‘पंथ’ आणि ‘संप्रदाय’ हे दोन्ही शब्द आपल्याकडे आदराचे आहेत, तर वर्तमानपत्रे अलीकडे ‘कल्ट’ हा शब्द जसाच्या तसा उचलून वापरतात. केवळ गट नवा आहे, आमच्या ओळखीचा नाही, म्हणून मी त्याला नावे ठेवत आहे का? की खरोखरच काही फरक आहे, आणि असल्यास तो बाहेरच्या माणसाने कसा ओळखायचा? ज्यांनी या विषयाचा अभ्यास केला आहे किंवा जे अशा अनुभवातून गेले आहेत, त्यांनी कृपया लिहावे.

शिळालेख

प्रश्न फार प्रामाणिकपणे मांडला आहे, म्हणून शब्दांपासून सुरुवात करतो. पंथ म्हणजे वाट, आणि संप्रदाय म्हणजे गुरूने शिष्याच्या हाती नीट सोपवलेले ज्ञान. दोन्ही शब्दांत निंदा नाही. पाश्चात्त्य देशांतही ‘कल्ट’च्या मूळ लॅटिन शब्दाचा अर्थ पूजा-उपासना एवढाच होता. त्याला आजचा काळा रंग विसाव्या शतकात चढला. तिकडचे समाजशास्त्रज्ञ १९७० नंतर हा शब्द टाळून ‘नव्या धार्मिक चळवळी’ असे म्हणू लागले, कारण जुना शब्द अभ्यासापेक्षा शिवीसाठीच अधिक वापरला जात होता. शिवाय माक्स वेबर आणि अर्न्स्ट ट्रोल्च या जर्मन अभ्यासकांनी केलेली चर्च आणि फुटीर पंथ ही विभागणी ख्रिस्ती समाजापुरती होती. जिथे एक मध्यवर्ती धर्मपीठच नाही, तिथे फुटून निघणार कशातून? त्यामुळे ती चौकट आपल्याकडे जशीच्या तशी लावता येत नाही.

नवेपणा किंवा विचित्रपणा हा निकष घेतला तर किती मोठी चूक होते, याचे उदाहरण आपल्या घरातच आहे. तेराव्या शतकात चक्रधरस्वामींच्या भोवती जमलेल्या महानुभावांनी वर्णभेद मानला नाही, स्त्रियांना संन्यास दिला, अन्य देवतांची पूजा नाकारली आणि पुढे आपले ग्रंथ सकळा लिपीसारख्या सांकेतिक लिप्यांत लिहून ठेवले. काळी वस्त्रे घालणारे, घर सोडणारे, लपवून वाचणारे हे लोक शेकडो वर्षे संशयाचे आणि टवाळीचे विषय होते. विसाव्या शतकाच्या आरंभी त्या लिप्यांची किल्ली अभ्यासकांना मिळाली, तेव्हा कळले की लीळाचरित्रासारखे मराठीचे आद्य गद्य या लोकांनी जीव लावून सांभाळले होते. आजच्या मोजमापाने त्या काळी कोणी ‘धोकादायक गट’ असा शिक्का मारला असता, तर तो याच पंथावर सर्वांत आधी बसला असता.

आता तुमच्या आजोबांविषयी. वारीत जाण्याइतकेच महत्त्व परतण्याला आहे. आषाढी पौर्णिमेला गोपाळपूरला काला होतो आणि माणसे घरी जातात. पेरणी उरकून निघालेला शेतकरी खुरपणीला पुन्हा आपल्या रानात हजर असतो. एक दिंडी पटली नाही तर दुसरीत जाता येते, एका फडाचे महाराज आवडले नाहीत तर दुसऱ्या फडाचे कीर्तन ऐकता येते, आणि यातले काहीही केले तरी विठ्ठल सुटत नाही. सगळ्यांवर हुकूम चालवणारी एकच गादी तिथे नाही. याचा अर्थ तिथे दोष नव्हते असा मुळीच नाही. चोखोबांना देवळाबाहेर ठेवणारी माणसे स्वतःला भक्तच म्हणवत होती, आणि विठ्ठलमंदिर अस्पृश्य मानलेल्यांना खुले व्हावे म्हणून साने गुरुजींना १९४७ मध्ये उपोषणाला बसावे लागले. मात्र तो प्रश्न विठ्ठलाच्याच नावाने, भक्तांच्याच भाषेत विचारता आला, आणि विचारणाऱ्याला विठ्ठल सोडून जावे लागले नाही.

आणखी एक गोष्ट, कारण घाबरलेल्या नातेवाइकांच्या तोंडी ‘मेंदूधुलाई’ हा शब्द फार लवकर येतो. आयलीन बार्कर या समाजशास्त्रज्ञ बाईंनी १९७९ मध्ये लंडन परिसरात युनिफिकेशन चर्च या कोरियात उगम पावलेल्या नव्या धार्मिक चळवळीच्या निवासी कार्यशाळांना आलेल्या सुमारे एक हजार लोकांचा पाठपुरावा केला. त्यांतले नव्वद टक्क्यांहून अधिक लोक पूर्णवेळ सदस्य झालेच नाहीत आणि जे झाले त्यांतलेही बरेच जण दोन वर्षांत बाहेर पडले. कार्यशाळेत मन वळवण्याची अजिंक्य यंत्रणा असती, तर असे घडले नसते. तुमचा भाऊ तिथे आहे, कारण त्याला तिथे काहीतरी मिळत आहे. ते काय आहे हे आधी समजून घ्या.

लकडीपूल

शिळालेख यांचे बहुतेक म्हणणे मान्य आहे, परंतु त्यांनी विचित्रपणाचा निकष बाजूला ठेवला तसा धोक्याचा विचार मागे पडू नये, म्हणून ज्या गोष्टीची सुरुवात मी लहानपणी पाहिली तिच्याविषयी लिहितो.

आमचे घर बंडगार्डनजवळ होते. रजनीश १९७४ मध्ये मुंबईहून कोरेगाव पार्कात आले, तेव्हा मी शाळेत होतो. भगव्या कफन्या, गळ्यात लाकडी मण्यांची माळ आणि तिच्यात गुरूंचे छायाचित्र, अशा वेशातले गोरे स्त्री-पुरुष सायकलींवरून जाताना आम्ही थांबून पाहत असू. प्रवचनाला आत सोडण्याआधी दारावर प्रत्येकाचे केस आणि कपडे हुंगून पाहिले जात, कारण गुरूंना अत्तराच्या वासाचा त्रास होई. आमच्या आळीत या गोष्टीची फार चर्चा होती. आज विचार करता त्यात कोणाचेही वाईट झाले नव्हते. पुण्याला त्या लोकांचे उघडे प्रेमप्रदर्शन खुपत होते, पण ज्याची खरी भीती वाटायला हवी होती ते पुढे, समुद्रापार घडले.

१९८१ मध्ये रजनीश अमेरिकेला गेले आणि ओरेगॉन राज्यात सुमारे ६४ हजार एकरांचे एक कुरण विकत घेऊन शिष्यांनी रजनीशपुरम वसवले. ओसाड जमिनीवर त्यांनी धरण बांधले, शेती केली, धावपट्टी तयार केली. कष्टाच्या बाबतीत त्यांना तोड नव्हती. मात्र त्याच वर्षी रजनीशांनी जाहीर मौन धरले आणि ते ऑक्टोबर १९८४ पर्यंत पाळले. या साडेतीन वर्षांत गुरूची इच्छा काय आहे, हे हजारो लोकांना एकाच व्यक्तीच्या तोंडून कळत होते, आणि ती व्यक्ती म्हणजे त्यांच्या सचिव माँ आनंद शीला. मला वाटते, सगळ्या प्रकरणाची किल्ली इथे आहे. गुरू बोलत असतो तेव्हा शिष्याला निदान विसंगती दिसू शकते. गुरू गप्प असतो आणि त्याच्या नावाने दुसरे कोणी बोलते, तेव्हा प्रश्न विचारणे म्हणजे थेट गुरूवर अविश्वास दाखवणे ठरते, आणि उत्तर द्यायला गुरू समोर नसतोच.

पुढे ओरेगॉनमधल्या, वसाहत ज्यात होती त्या वास्को परगण्याच्या निवडणुकीत आपले उमेदवार निवडून आणायचे ठरले. त्यासाठी देशभरातून हजारो बेघर लोकांना बसमधून आणून मतदार म्हणून नोंदवण्याचा प्रयत्न झाला. त्याच सुमारास, म्हणजे सप्टेंबर-ऑक्टोबर १९८४ मध्ये, द डॅल्स या तिथल्याच गावातल्या दहा उपाहारगृहांत कच्च्या भाज्यांच्या मांडणीवर साल्मोनेला जंतूंचे पाणी शिंपडण्यात आले. ७५१ लोक आजारी पडले. सुदैवाने कोणी दगावले नाही. उद्देश एवढाच होता, की मतदानाच्या दिवशी गावकरी अंथरुणात असावेत. जंतू वाढवण्याची प्रयोगशाळा वसाहतीतच होती आणि ती चालवणारी बाई शिकलेली परिचारिका होती. आरोग्य खात्याने प्रथम उपाहारगृहांतल्या कामगारांच्या अस्वच्छ हातांना दोष दिला. खरा प्रकार उघड झाला तो वर्षभराने, शीला युरोपात निघून गेल्यावर आणि रजनीशांनी स्वतः पत्रकारांसमोर तिच्यावर आरोप केल्यावर. तपासात असेही आढळले, की वसाहतीतल्या खोल्यांत चोरून ऐकण्याची यंत्रे बसवली होती, आणि त्यांतले एक खुद्द गुरूंच्या शयनगृहात होते.

हे मी इतक्या तपशिलाने लिहिले, कारण औदुंबर यांच्यासारखे वाचक गुरू चांगला की वाईट एवढ्याच प्रश्नापाशी थांबतात. गुरूच्या भोवतीची चार-सहा माणसे कोण आहेत, पैशाच्या आणि भेटीगाठींच्या किल्ल्या कोणाच्या कमरेला आहेत, आणि त्यांना ‘हे चूक आहे’ असे आतल्या कोणी म्हटले तर त्याचे काय होते, हे मी आधी पाहीन.

पारिजात

लकडीपूल यांनी लिहिलेल्या घटना खऱ्या आहेत आणि मी त्या नाकारणार नाही. परंतु मी त्या भगव्या कफनीत काही वर्षे राहिलेली बाई आहे, म्हणून दुसरी बाजूही नोंदवते.

मला कोणी पळवून नेले नव्हते. लग्न मोडले होते, माहेरी जागा नव्हती, आणि जिथे जाईन तिथे माझ्याकडे दयेने पाहिले जात होते. आश्रमात मला पहिल्यांदा कोणी काही विचारले नाही. मी मुदपाकखान्यात भाज्या चिरत असे आणि त्या कामाला तिथे मान होता. सकाळच्या ध्यानात मोठ्याने रडायची मुभा होती, आणि घरात मी कधी आवाज काढून रडले नव्हते. ते दिवस खोटे होते असे मला आज सत्तरीतही म्हणता येत नाही. ओरेगॉनला जे हजारो लोक बारा-बारा तास राबले, त्यांतल्या बहुतेकांना विषाच्या कटाची कल्पना नव्हती. त्यांचीही फसवणूकच झाली. त्यांना एका शब्दात ‘कल्ट’वाले म्हणून मोकळे होणे मला अन्यायाचे वाटते.

मात्र एक गोष्ट मला तेव्हा दिसायला हवी होती आणि दिसली नाही. तिथली मुले. आईबाप साधनेत आणि मुले कोणाचीच नाहीत, अशी व्यवस्था आम्ही ‘मुक्त बालपण’ म्हणून स्वीकारली. त्या वसाहतींत वाढलेल्या मुलांनी मोठेपणी, अलीकडच्या वर्षांत, आपल्या उपेक्षेविषयी आणि लैंगिक शोषणाविषयी जाहीरपणे सांगितले आहे. मी भाज्या चिरत होते तिथून ती मुले हाकेच्या अंतरावर होती. मोठी माणसे आपल्या मर्जीने येतात आणि जातात. मुलांना कोणी विचारलेले नसते.

निशिकासाई

मी अकरा वर्षे तोक्योत राहतो. इथल्या निशिकासाई भागात भारतीयांची मोठी वस्ती आहे आणि त्यात मराठी घरेही बरीच आहेत. कामाला जाताना मी कायाबाचोला गाडी बदलून हिबिया मार्गाने त्सुकिजीवरून कासुमिगासेकीला उतरतो. दरवर्षी २० मार्चला सकाळी ८ वाजता या स्थानकातले कर्मचारी टोप्या काढून, माना खाली घालून स्तब्ध उभे राहतात. पहिल्या वर्षी मला कारण ठाऊक नव्हते, म्हणून शेजारच्या प्रवाशाला विचारले. त्याने फक्त ‘ओम’ एवढेच म्हटले. आपल्या तोंडी लहानपणापासून असलेला तो उच्चार इथे लोकांच्या अंगावर काटा आणतो, हे पचवायला मला वेळ लागला.

‘ओम’ म्हणजे ओम शिन्रिक्यो हा जपानी गट. त्याची सुरुवातही योगवर्गानेच झाली. शोको असाहारा या जवळजवळ अंध माणसाने १९८४ मध्ये शिबुया भागात तो वर्ग काढला. पुढे तो भारतात आला, हिमालयात आपल्याला मोक्षप्राप्ती झाल्याचे त्याने जाहीर केले आणि दलाई लामांबरोबरचे छायाचित्र प्रचारासाठी वापरले. २० मार्च १९९५ रोजी त्याच्या पाच शिष्यांनी भुयारी रेल्वेच्या तीन मार्गांवरच्या पाच गाड्यांत, वर्तमानपत्रात गुंडाळलेल्या सारिन या विषारी वायूच्या द्रवाच्या पिशव्या छत्रीच्या अणकुचीदार टोकाने फोडल्या. १४ माणसे गेली, त्यांतली शेवटची बाई पंचवीस वर्षे अंथरुणाला खिळून राहून २०२० मध्ये वारली. सहा हजारांहून अधिक लोकांना बाधा झाली. पिशव्या फोडणाऱ्यांत इकुओ हायाशी हा हृदयशल्यविशारद होता आणि दुसरा एक जण तोक्यो विद्यापीठातला पदार्थविज्ञानाचा पदवीधर होता. औदुंबर, तुमचा भाऊ अभियंता आहे म्हणून तो फसणार नाही, असे घरातले कोणी म्हणत असेल तर त्यांना हे जरूर सांगा. शिकलेल्या माणसाला कारणे शोधता येतात, आणि स्वतःला पटवण्यासाठीही तो तीच कला वापरतो.

मला सर्वांत जास्त टोचणारी गोष्ट मात्र १९८९ ची आहे. मुले घर सोडून गेलेले आईबाप तेव्हाच एकत्र आले होते आणि योकोहामाचे वकील त्सुत्सुमी साकामोतो त्यांची बाजू मांडत होते. एका दूरचित्रवाहिनीने त्यांची मुलाखत ध्वनिचित्रमुद्रित केली आणि प्रसारित होण्याआधीच ती ओमच्या लोकांना दाखवली; वकिलांना मात्र हे कळवले नाही. थोड्याच दिवसांत, नोव्हेंबरमध्ये, साकामोतो, त्यांची पत्नी आणि चौदा महिन्यांचा मुलगा यांचा घरात घुसून खून झाला. मृतदेह सापडायला सहा वर्षे लागली. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये ओमला धार्मिक संस्था म्हणून कायदेशीर मान्यता मिळाली होती आणि धर्माच्या कारभारात हात घालायला पोलीस कचरत होते. आईबाप सहा वर्षे आधीपासून जे ओरडून सांगत होते, ते ऐकायला देशाला भुयारी रेल्वेतला सकाळचा गर्दीचा डबा लागला. म्हणून तुमच्या मामींची अस्वस्थता ही अडाणी भीती आहे असे समजू नका. घरच्यांना पुष्कळदा सर्वांत आधी कळते.

इथला दुसरा धडा पैशाचा आहे. युनिफिकेशन चर्चचे लोक जपानी कुटुंबांना ‘तुमच्या पूर्वजांचे पाप घराला भोवते आहे’ असे सांगून कलश आणि शिक्के अवाच्या सवा किमतीला विकत आणि देणग्या घेत. आपल्याकडे पितृदोषाच्या नावाने जे चालते, त्याच्याशी हे किती मिळतेजुळते आहे! जुलै २०२२ मध्ये माजी पंतप्रधान शिंझो आबे यांचा खून करणाऱ्या माणसाच्या आईने या संस्थेला सुमारे १० कोटी येन देऊन घर बुडवले होते. खुनाचे समर्थन कोणीही करू शकत नाही. परंतु त्यानंतर इथे ‘धर्माची दुसरी पिढी’ हा शब्द घरोघरी पोचला, म्हणजे ज्यांनी काहीच निवडले नव्हते अशी मुले, ज्यांच्याविषयी पारिजातताईंनी लिहिले आहे. डिसेंबर २०२२ मध्ये भीती घालून देणग्या उकळण्याविरुद्ध कायदा झाला आणि मार्च २०२५ मध्ये तोक्योच्या जिल्हा न्यायालयाने त्या संस्थेची कायदेशीर मान्यता काढून घेण्याचा आदेश दिला. श्रद्धा ठेवायला बंदी नाही. धार्मिक संस्था म्हणून मिळणाऱ्या करसवलती मात्र जातात. हा मार्ग मला समंजस वाटतो.

दीपमाळ

मी अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कामात बरीच वर्षे आहे आणि अशा अनेक घरांत जाऊन बसलो आहे. त्या अनुभवावरून थोडे व्यवहाराचे लिहितो.

डॉ. नरेंद्र दाभोलकर यांचा २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात ओंकारेश्वराजवळच्या पुलावर खून झाला आणि ज्या जादूटोणाविरोधी कायद्यासाठी ते अनेक वर्षे झटत होते, त्याचा अध्यादेश त्यानंतर काही दिवसांतच निघाला. डिसेंबरमध्ये त्याचा कायदा झाला. सहा महिने ते सात वर्षे कैद आणि पाच ते पन्नास हजार रुपये दंड अशी शिक्षा त्यात आहे. चमत्काराचा दावा करून फसवणे, अंगात शक्ती आल्याचे सांगून दहशत बसवणे, साप चावलेल्या माणसाला वैद्यकीय उपचारांपासून रोखणे, अतींद्रिय शक्तीच्या नावाने लैंगिक शोषण करणे, अशा ठरावीक कृत्यांना तो लागू होतो. एखादा सज्ञान माणूस राजीखुशीने ध्यान करतो आणि पगार देऊन टाकतो, यात तो लागू होत नाही, आणि होऊही नये. भावाला ‘सोडवण्यासाठी’ पोलिसांत जाण्याचा विचार असेल, तर तो सध्या बाजूला ठेवा. अमेरिकेत १९७० च्या दशकात हवालदिल आईबापांनी पैसे देऊन मोठ्या मुलांना गटांतून उचलून आणवले आणि खोलीत कोंडून त्यांचे मन फिरवण्याचा प्रयत्न केला. काही मुले परतली. काही मात्र पहिल्याच संधीला पळून पुन्हा गटात गेली, आणि ‘बाहेरचे जग तुझे शत्रू आहे’ हे गटाचे म्हणणे त्यांच्या आईबापांनीच खरे करून दाखवले होते.

तुम्हाला करता येण्याजोगी कामे साधी आहेत. त्या गटाचा न्यास नोंदलेला असेल, तर धर्मादाय आयुक्तांच्या कार्यालयात अर्ज करून परिशिष्ट एकचा उतारा मिळतो. त्यावर विश्वस्तांची नावे आणि मिळकती असतात. तो जरूर काढा. भावाच्या कोणत्याही कर्जाला जामीन राहू नका आणि घराच्या कागदांवर त्याच्या आग्रहाने सह्या करू नका. भविष्यनिर्वाह निधीवर वारस म्हणून कोणाचे नाव आहे, हे मामांनी कधीतरी सहज विचारून घ्यावे. गुरूविषयी वाद घालू नका, कारण त्या वादाची उत्तरे त्याच्याकडून आधीच पाठ करून घेतलेली असतात. त्याच्याशी ज्या गोष्टींचा गटाशी काहीही संबंध नाही त्या बोला. मी पाहिलेल्या घरांत जी माणसे परतली, ती वादात हरून परतली नाहीत. आत काहीतरी खटकले त्या दिवशी ज्यांना एक दूरध्वनी करण्याची लाज वाटली नाही, ती परतली. तेवढी वाट मोकळी ठेवा.

एक प्रश्न मात्र मी तुम्हाला विचारतो. त्याला भेटायला गेलात, तर तो एकटा भेटतो का?

औदुंबर

सर्वांचे मनापासून आभार. दीपमाळ यांच्या प्रश्नाचे उत्तर लगेच देता येईना, कारण निवासात राहायला गेल्यापासून आम्ही त्याला तिथे जाऊन भेटलोच नव्हतो. तो येत नाही म्हणून आम्हीही रुसून बसलो होतो. गेल्या रविवारी मामा, मामी आणि मी गेलो.

तो एकटा भेटला नाही. फाटकाजवळच्या खोलीत त्याच्याबरोबर एक ज्येष्ठ साधक पूर्ण वेळ बसून होते. ते अतिशय नम्रपणे बोलले, आम्हाला पाणी दिले, आणि मामींनी विचारलेल्या तीनपैकी दोन प्रश्नांची उत्तरे भावाच्या आधी त्यांनीच दिली. मामींनी नेलेला डिंकाच्या लाडवांचा डबा ‘सामायिक प्रसादात’ ठेवण्यासाठी त्यांनी आत पाठवला. भाऊ बारीक झाला आहे, पण चेहरा शांत दिसला. पाठ दुखायची थांबली आहे, असे त्याने आपणहून सांगितले. हे मी लिहिते आहे, कारण शिळालेख यांनी म्हटल्याप्रमाणे त्याला तिथे काहीतरी नक्कीच मिळाले आहे.

परिशिष्ट एकच्या उताऱ्यासाठी मी सोमवारी अर्ज दिला.

आम्ही निघालो तेव्हा ते साधक दारातल्या दुसऱ्या कोणाशी बोलायला वळले. तेवढ्यात भावाने मामांना हळूच विचारले, ‘बाबा, माझी गाडी अधूनमधून चालू करता ना? नाहीतर बॅटरी उतरेल.’ गाडी आठ महिने जिन्याखाली झाकून ठेवलेली आहे आणि ती कोणीही चालू केलेली नव्हती. मामा तिथे नुसते ‘हो’ म्हणाले. मंगळवारी त्यांनी मेकॅनिकला बोलावून नवी बॅटरी बसवून घेतली, स्वतः चौकापर्यंत एक फेरी मारून आले आणि गाडीचा फोटो त्याला पाठवला. संदेशावर निळ्या खुणा आल्या आहेत, उत्तर अजून आलेले नाही. पुढच्या रविवारी आम्ही पुन्हा जाणार आहोत.